मिस मोनिकाची पांढरी साडी

रेणूचे एकूण चित्रपट एकतीस. त्यांपैकी सत्तावीसमध्ये ती सुरुवातीपासूनच मेलेली होती आणि उरलेल्या चारमध्ये मध्यंतराच्या आत मेली. हा आकडा तिने स्वतःच काढून ठेवला होता, कारण दुसरं कोणी काढायला येणार नव्हतं. पोस्टरवर तिचं नाव ‘मिस मोनिका’. त्यातलं ‘मिस’ पहिल्या निर्मात्याने लावलं आणि शेवटच्याने काढलं नाही.

भंडाऱ्यात मात्र गोमाजी हेडाऊंची थोरली मुलगी दादरच्या एका मुलींच्या वसतिगृहात मेट्रन होती. चौतीस वर्षं होती. त्या चौतीस वर्षांत घरातल्या कोणीही, वसतिगृहात मुली किती, असं एकदाही विचारलं नव्हतं. घरच्यांचा त्या नोकरीवर किती विश्वास आहे, हे रेणूने त्यावरून ताडलं होतं. माय तेवढी विश्वास ठेवून होती, असं ती धरून चालली होती. तिच्या सगळ्या खोटेपणाला तेवढं एकच कारण पुरत आलं होतं: मायने पाहू नये.

आणि आता, भाऊबीज होऊन चौथ्या दिवशी, दुपारी पावणेदोन वाजता, तिची भाची डिंपल टीव्हीला मोबाइल जोडत होती.

“आत्या, आवाज ठेवू का बंद करू?”

“बंद,” रेणू म्हणाली. “आवाज तसाही माझा नाही. डबिंगवाली वेगळी होती. किंचाळी फक्त माझी.”

अडचण अशी होती. नागपूरच्या एका संस्थेने विदर्भातल्या साड्यांच्या जुन्या काठांचं प्रदर्शन काढलं होतं आणि त्यांच्या मॅडम चार वाजता यायच्या होत्या. रेणूचा भाऊ भूपेंद्र याच्याकडे घरातला शेवटचा हातमाग उरला होता. गोमाजींचा करवती काठ तो आठवणीतून दोनदा विणून देऊन बसला होता आणि मॅडमनी दोन्ही वेळा नम्रपणे परत केला होता. करवतीच्या दात्यांचा काठ तर सगळेच विणतात, तुमच्या वडिलांचा वेगळा होता म्हणता, तर एखादा जुना नमुना दाखवा.

नमुना घरात नव्हता. विणकराच्या घरात विणलेलं कापड राहत नाही. ते बाजारात जातं आणि घरातल्या बायका सुरतेची साडी नेसतात. गोमाजींच्या हातचा शेवटचा तुकडा भूपेंद्रने स्वतःच मागाला तेल पुसायला घेतला होता. तो कधी आणि कुठे फाटला, हेही त्याला आठवत नव्हतं.

मग परवा डिंपलने मोबाइलवर काहीतरी पाहिलं आणि बापासमोर धरलं. भूपेंद्रने आठ सेकंद पाहून सांगितलं, “हा बाबाचा काठ होय.” तो काठ ज्या खांद्यावर होता, त्या खांद्याबद्दल तो काही बोलला नाही.

रेणूला तीनची नागपूरची बस गाठायची होती. बॅग भरून दाराशी ठेवली होती.

“तू गेली तर काठ कोणत्या मिनिटाले दिसते, ते कोण सांगन?” भूपेंद्र म्हणाला. त्याच्या मांडीवर आलेखाचा कागद होता, कानावर पेन्सिल. “एकतीस सिनेमे हायेत म्हणते. सगळे पाहाले बसलो तर मॅडम पुढची दिवाळी करूनच जाईन.”

“कागदावर लिहून देते.”

“लिहून नको देऊ. बस.”

त्याची बायको निर्मला चहा घेऊन आली आणि ट्रे खाली न ठेवता उभीच राहिली. “मी काय म्हणते, बाई. तुमचं नाव येऊ नये त्या प्रदर्शनाच्या कागदावर, एवढंच. लाखनीचे लोक साधे हायेत. पोरीचं जमलं हाये, जमू द्या.”

“वहिनी, माझंही तेच म्हणणं आहे. म्हणून तर बॅग भरली.”

“लाखनीचे?” डिंपल टीव्हीच्या मागून म्हणाली. “मम्मी, धर्मेंद्रनंच तर मले लिंक पाठवली.”

निर्मलाने ट्रे खाली ठेवला. “कोणत्या धर्मेंद्रनं?”

“कोणत्या म्हणजे? ज्याच्याशी लग्न करून राहिली त्या. त्याच्या दुकानात पोट्टे दुपारचे हेच पाहतात. त्याले जुने भुताचे सिनेमे लय आवडतात.”

“त्याले माहीत हाये, हे कोण होय म्हणून?”

“अजून नाही. त्याले फक्त भूत आवडलं.”

दारात बाबूलाल काका येऊन थांबले होते. गोमाजींचे धाकटे भाऊ, वय शहात्तर, आणि घरातल्या प्रत्येक निर्णयाचे न नेमलेले अध्यक्ष. एक्क्याण्णव साली याच खोलीत, मुलगी आपल्याला मेली, हे वाक्य त्यांनीच उच्चारलं होतं. रेणूने तेव्हाही त्यांचा राग धरला नव्हता. मरण्याच्या कामातच ती होती.

“मी पाहणार नाही,” काकांनी जाहीर केलं. “पण घरात काय चाललं ते मले माहीत पाहिजे.” त्यांनी खुर्ची उचलली, टीव्हीकडे पाठ करून ठेवली आणि भिंतीवरच्या कॅलेंडरसमोर बसले.

राहिली माय. एकोणऐंशी वर्षांच्या राधाबाई आतल्या खोलीत झोपल्या असतील, या भरवशावर रेणूने बैठकीला संमती दिली होती. राधाबाई भिंत धरत बाहेर आल्या, टीव्हीच्या अगदी पुढची जागा निवडली, पाय पसरले आणि चष्मा पदराने पुसला.

“माय, तू आत पड ना. पाय दुखतात म्हणत होतीस.”

“पायानं पाहतात का वो?” माय म्हणाली.

पहिला चित्रपट लावला ‘कुएँवाली दुल्हन’. रेणूने सांगितल्याप्रमाणे डिंपलने तो थेट अकराव्या मिनिटावर नेला. विहिरीतून एक बाई वर आली. तिचे केस तोंडावर होते, हात पुढे होते आणि साडी पांढरी होती.

त्या साडीमागेही एक गोष्ट होती. तेव्हाच्या त्या सिनेमांत नट्यांनी कपडे आपापले आणायचे. रेणूने एकट्या बाबांना लिहिलं होतं की मला विधवेची कामं मिळतात, पांढरी साडी पाठवा. एकवीस वर्षांच्या मुलीला सारख्या विधवेच्याच भूमिका का मिळतात, हे गोमाजींनी विचारलं नाही. पांढऱ्या सुती अंगाची, तांबड्या करवती काठाची साडी मुंबईला जाणाऱ्या व्यापाऱ्याबरोबर यायची. दिग्दर्शक म्हणाला होता, ‘भूत को बॉर्डर कौन लगाता है?’ मग कपड्यांना पैसे पडत नाहीत हे लक्षात आल्यावर तोच म्हणाला, ‘लुक है, रहने दो.’ शेवटच्या रिळात भुताला जाळायचं असे. त्यामुळे प्रत्येक चित्रपटाच्या शेवटी साडी संपायची आणि रेणू पुढच्या विधवेसाठी बाबांना पत्र टाकायची.

“थांबव,” भूपेंद्र म्हणाला. तो पडद्याजवळ सरकला. “पाच दाते दिसतात. सहावा अर्धा. त्याच्यापुढं हिचा हात आला. रेणू, हात बाजूले घे.”

“आता कसा घेऊ?”

“तेव्हा घ्याले पाहिजे होता.”

“तेव्हा मी हिरोचा गळा धरत होते.”

“एका हातानं धरता येते ना.”

डिंपल हसली. निर्मलाही हसली आणि मग तिने तोंडावर पदर घेतला. काकांची पाठ ताठ होती.

चित्र पुढे-मागे करण्यात वीस मिनिटं गेली. प्रिंट जुनी, पडदा धुरकट. दात्यांच्या मध्ये गोमाजी एक काळा धागा सोडत, असं भूपेंद्रला पुसट आठवत होतं, पण तो पाचव्या दात्यानंतर की अर्ध्या दात्याच्या पोटात, ते कळत नव्हतं. त्या एका धाग्यावरच सगळं अडलं होतं. नाहीतर करवती काठ सगळेच विणतात.

“दुसरा कोणता?” त्याने विचारलं.

रेणूला कोणता ते माहीत होतं. म्हणूनच तिने चहाचा कप उचलला.

“हा विहिरीवाला नाही चालत,” कॅलेंडरकडे तोंड करून बाबूलाल काका म्हणाले. “झऱ्यावाला लावा. त्याच्यात काठ खांद्यावरून सरळ खाली येते. वीज चमकली का थांबवजा, तेव्हा साफ दिसते.”

सगळ्यांच्या माना काकांच्या पाठीकडे वळल्या. काकांच्या लक्षात यायला तीन-चार सेकंद लागले. मग त्यांनी कॅलेंडरवरचा महिना उगाचच नीट वाचायला घेतला.

“काकाजी,” भूपेंद्रने हळू विचारलं, “तुमी कवा पाह्यला?”

“तुमसरले गेलतो. कामानं.”

“टॉकीजात काय काम होतं?”

“काठ पाहाले गेलतो.”

“किती वेळा?” रेणूने विचारलं. एवढं विचारायचा तिचा हक्क होता. तिच्या ओळखीत आलेला हा पहिलाच प्रेक्षक होता.

काकांनी कॅलेंडरचं पुढचं पान उलटलं, यावरून एकापेक्षा जास्त वेळा असणार.

‘झरने की डायन’, साल ब्याण्णव. आठ मिनिटं झरा आणि त्याखाली ती. चित्रपटाची कथा म्हणजे ही आठ मिनिटं आणि दोन्ही बाजूंना भरती. पोस्टरही याच आठ मिनिटांचं होतं. मोबाइलवर खाली आकडा दिसत होता: चाळीस लाख लोकांनी पाहिलेलं. रेणूने चाळीस लाखांची कधी पर्वा केली नव्हती. पर्वा होती ती पुढे पाय पसरून बसलेल्या त्या एका बाईची.

“माय, चहा घे ना आत जाऊन,” ती पुन्हा म्हणाली.

“हितंच घेते.”

वीज चमकली. डिंपलने थांबवलं.

पाण्यात भिजलेली सुती साडी अंगाला चिकटून बसली होती आणि साडी असूनसुद्धा नसल्यासारखी होती. निर्मला जमिनीकडे पाहू लागली. डिंपलने मोबाइलकडे पाहिलं. भूपेंद्रने चष्मा काढला. बिनचष्म्याचा भूपेंद्र समोरची व्यक्तीही नीट ओळखत नसे. तो उठला, टीव्हीपासून वीतभर अंतरावर गेला, चित्राच्या वरच्या डाव्या कोपऱ्यात नाक खुपसलं आणि खांद्यावरचा तेवढाच काठ पाहत राहिला. बाकी पडदा त्याच्या डोक्याने झाकला गेला. अकरा मिनिटं तो तसाच उभा होता. मध्ये मध्ये आकडे सांगायचा आणि डिंपल कागदावर मांडायची. दोन. तीन. खाडा. चार. पाच. अर्धा.

“काळा धागा अर्ध्याच्या पोटात हाये,” शेवटी तो म्हणाला. त्याने चष्मा पुन्हा घातला. “पोटातच हाये. मी बाहेर घेऊन राहिलो होतो. दोन्ही वेळा चुकलो.”

रेणू मायकडे पाहत नव्हती. ती आपली बॅग पाहत होती. तीनची बस अजून पंचवीस मिनिटांवर होती आणि स्टँड जवळच. आयुष्यात ती एकतीस वेळा मेली होती, पण त्या प्रत्येक वेळी कोणीतरी ‘कट’ म्हणालं होतं.

“झालं ना काम?” ती उठली. “निघते मी.”

“पदराचा कोपरा राहिला,” भूपेंद्र म्हणाला. “काठ पदराले कसा वळते, ते यात नाही दिसत. याच्याच पुढचा भाग हाये ना?”

होता. ‘डायन लौटी झरने पर’, साल पंच्याण्णव. तोच निर्माता, तोच झरा, हिरो नवा. रेणू बॅगेजवळ उभी राहूनच म्हणाली, “बत्तिसावं मिनिट. पाठमोरी आहे.”

डिंपलने लावलं. पाणी तसंच कोसळत होतं. बाई तशीच उभी होती, तीन वर्षांनी मोठी. भूपेंद्रने सवयीने चष्म्याकडे हात नेला आणि तो तिथेच थांबला.

“डिंपल, मागं घे जरा.”

तिने मागे घेतलं.

“हे भिजलं काहून नाही?”

सगळ्यांनी पडद्याकडे पाहिलं. पाणी डोक्यावरून, खांद्यावरून, पदरावरून धो धो वाहत होतं आणि साडी जिथल्या तिथे होती. जाड, पांढरी, भिंतीसारखी. रामनवमीच्या मिरवणुकीत शोभली असती.

“भाऊजी,” माय म्हणाली, “आता फिरवा खुर्ची. याच्यात काही दिसत नाही.”

काकांनी मान वळवली, खात्री केली आणि मग खुर्ची फिरवली.

भूपेंद्र पुन्हा पडद्याला चिकटला होता. “एकेरी सूत नाही हे. बाबानं दोन तारा ओढल्या. उभा ताणा पण दुहेरी, आडवा बाणा पण. काठ तोच आणि अंग सतरंजीचं. असं कोण विणते? याले तर मागावर दुप्पट जोर लागते.” तो वळला. “माय, सुताच्या कांड्या तर तूच भरे.”

“मीच भरे,” माय म्हणाली.

“मंग?”

मायने कप खाली ठेवला. “हे बाबूलाल भाऊजी तुमसरवरून आले आन् ह्यायले, तुह्या बाबाले, घेऊन गेले. म्हणाले, चाल, तुले काठ दाखवतो. सकाळच्या खेळाले गेलते. घरी आले तं दोन दिवस मागावर बसले नाही. तिसऱ्या दिवशी म्हणाले, आजपासून दोन तारा घे कांडीवर. मी म्हटलं, कायले? विधवेच्या साडीले एवढं सूत कायले?”

“काय म्हणाले?” रेणूने विचारलं.

“म्हणाले, पोरगी दिवसभर पाण्यात उभी रायते. सर्दी होईन तिले.”

टीव्हीवर पाणी पडत होतं. डिंपलला ते थांबवायचं सुचलं नाही.

रेणू बॅगेवरच बसली. त्र्याण्णवनंतरच्या साड्या जड यायला लागल्या होत्या, हे तिला स्वच्छ आठवत होतं. तिने पत्रही टाकलं होतं, बाबा, सूत जाडं झालं का? उलटटपाली कार्ड आलं होतं: आता असंच सूत येते. बाबांचं वय झालं, हात जड झाला, असं समजून ती मुंबईत एकटी थोडी रडलीही होती. आणि या झऱ्यापाशी, याच बत्तिसाव्या मिनिटाच्या वेळी, निर्मात्याने आधी पाणी वाढवलं होतं, मग टँकर मागवला होता आणि शेवटी सगळ्या युनिटसमोर विचारलं होतं, ‘मोनिका, तेरी साडी वॉटरप्रूफ है क्या?’ संध्याकाळी दुसरी साडी दिली, तर तिने हट्टाने नाही म्हटलं. बाबांचीच नेसेन. का, ते तेव्हा तिलाही सांगता आलं नसतं. त्यानंतर कामं एकेक करून गेली. सत्त्याण्णवला संपली. आपलं करिअर का बुडालं, याच्या तिच्याकडे तीन तयार गोष्टी होत्या, तिन्हीत ती स्वतः मूर्ख ठरायची आणि ऐकणारे पोट धरून हसायचे. त्या तिन्ही आता रद्द करायला हव्या होत्या. तिचं करिअर बुडवलं होतं ते भंडाऱ्याच्या एका साठीच्या माणसाने, घरबसल्या, दोन तारांवर.

“म्हणजे तुला माहीत होतं,” ती मायला म्हणाली. “तेव्हापासून.”

“पाह्यलं आज.”

“मग मेट्रन मेट्रन काय म्हणायचीस सगळ्यांना?”

“तू सांगितलं ते म्हणे. पोरीनं काही सांगितलं तं मायनं धरून चालावं नाही का?”

निर्मलाने नाक ओढलं. काका खुर्चीत पुढे वाकून पडद्याकडे पाहत होते. “याच्यात अभिनय बरा केला हिनं,” ते कोणाला तरी म्हणाले. “पहिल्यात घाबरून होती.”

“काकाजी, पहिल्यात पाणी थंड होतं.”

“तेच म्हणतो ना मी.”

मॅडम चार वाजून दहा मिनिटांनी आल्या. पन्नाशीच्या, सुती साडीतल्या, हातात फॉर्म. त्यांनी आलेख पाहिला, अर्ध्या दात्यापाशी बोट थांबवलं आणि प्रथमच नम्रपणा सोडून म्हणाल्या, “हा मी कुठेच पाहिलेला नाही.” मग टीव्हीवर दोन्ही चित्रं पाहिली. ब्याण्णवचं लावलं तेव्हा भूपेंद्र पुन्हा पडद्यापुढे उभा राहिला, फक्त खांदा मोकळा ठेवून.

“प्रदर्शनात मोठं करून लावायचं तर हे पहिलं चित्र जास्त स्पष्ट आहे,” मॅडम म्हणाल्या.

“काठ त्याच्यात पाहा,” भूपेंद्र म्हणाला. “लावाले हे दुसरं न्या. बाबाचं काम याच्यात हाये.”

मॅडमनी कारण विचारलं. त्याने दुहेरी सुताचं सांगितलं, सर्दीचं सांगितलं नाही. मॅडम फॉर्म भरू लागल्या. विणकर, गोमाजी हेडाऊ. साल, पंच्याण्णव. नेसणाऱ्या बाईंचं नाव?

रेणूचं तोंड सवयीने उघडलं, चौतीस वर्षांच्या मेट्रनचं. निर्मलाने तिच्याकडे पाहिलं, मग डिंपलकडे पाहिलं, आणि रिकामे कप गोळा केले.

“रेणू गोमाजी हेडाऊ,” माय म्हणाली. “सिनेमात नाव वेगळं होतं. तेही लिवा.”

“मिस मोनिका,” काकांनी पुरवलं. “मिस लावजा.”

“आणि मूळ साडी कुठे आहे आता?” मॅडमनी विचारलं.

सगळे रेणूकडे पाहू लागले. नट्यांना मुलाखतीत एक प्रश्न हमखास विचारतात आणि त्याचं एक ठरलेलं उत्तर असतं. ते उत्तर तिने विसाव्या वर्षी आरशासमोर पाठ केलं होतं. एकतीस चित्रपटांत एकही मुलाखत झाली नाही, त्यामुळे ते तसंच कोरं राहून गेलं होतं.

“जळाली,” रेणू म्हणाली. “कथेची गरज होती.”

मॅडमनी ते जसंच्या तसं लिहून घेतलं. वेळ होता म्हणून त्यांनी हेही सांगितलं की नमुन्याला एक मीटर पुरे, आणि एकेरी सुतातच विणा, मांडायला हलकं पडतं.

“एकेरीत माहा बाप नव्हता विणत,” भूपेंद्र म्हणाला. ते खरं नव्हतं, पण कोणी दुरुस्त केलं नाही.

मॅडमची गाडी निघून गेली तेव्हा माय आतून कांड्या भरायचा चरखा ओढत आणत होती. रेणूने तो तिच्या हातातून घेतला आणि मागाजवळ ठेवला. माय बसली. दोन तारा काढून तिने चिमटीत एकत्र धरल्या आणि रेणूपुढे केल्या.

“तीनची बस गेली ना वो?”

“गेली.”

“मंग भर.”